दाराची फट, कूलरची हवा

फायरच्या कोर्सच्या पहिल्याच महिन्यात, प्रात्यक्षिकं शिकवणाऱ्या उस्तादांनी आम्हाला मैदानात प्लायवूडचं एक घर दाखवलं. गुडघ्याएवढं उंच, आत चार खोल्या, प्रत्येक खोलीला वर सरकवता येईल अशी एक झडप. त्यांनी खालच्या खोलीत भुसा आणि चिंध्या पेटवल्या आणि जाळ छताला लागल्यावर सगळ्या झडपा खाली केल्या. थोड्या वेळात आतला उजेड गेला.

"विझली का?" उस्तादांनी विचारलं.

सगळे म्हणाले, विझली. मला तसं वाटत नव्हतं. सांध्यांतून धूर जरासा बाहेर येत होता आणि पुन्हा आत ओढला जात होता, झोपलेल्या माणसाच्या छातीसारखा. पण मी बोलले नाही. उस्तादांनी काठीनं एक झडप वर केली. दोन-तीन क्षण काहीच झालं नाही. मग झडपेतून हातभर जाळ बाहेर आला आणि पुढे उभे असलेले दोघे धडपडत मागे सरकले.

"मेली नव्हती, उपाशी होती," उस्ताद म्हणाले. "हवा भेटली, जेवून घेतलं."

उत्तर माहीत असूनही गप्प राहायची सवय मला शाळेपासून आहे. शाळा इंग्रजी माध्यमाची. चुकीचं इंग्रजी बोलून हसं करून घेण्यापेक्षा न बोललेलं बरं, हे मी फार लहानपणी ठरवलं होतं. पुढे तीच सवय मराठीलाही लागली. आमच्या घरात सगळे टेबलाशी बसून काम करणारे. बी.एस्सी. झाल्यावर मी फायरच्या कोर्सला नाव घातलं, तेव्हा मावशी आईला म्हणाली, "अगं, ही गॅस पेटवताना तोंड फिरवते. ही काय आग विझवणार?" ते खरंच होतं. मी आगीला घाबरते म्हणूनच तिच्याकडे नीट बघते, असं मला सांगायचं होतं. तेही राहून गेलं.

उन्हाळ्यात आम्हाला प्रत्यक्ष कामासाठी एकेका फायर स्टेशनला लावलं. मला मिळालं ते उस्तादांचंच स्टेशन. ते तिथले जुने लीडिंग फायरमन, निवृत्तीला थोडेच दिवस राहिलेले, कोर्सला फक्त प्रात्यक्षिकं घ्यायला यायचे. स्टेशनवर सगळे मला मॅडम म्हणत, आणि त्यात मान कमी, गंमत जास्त असायची. पंप चालू असताना मी काही सांगितलं की ड्रायव्हर कानाला हात लावून वाकायचा. "मोठ्यानं बोल ना वं मॅडम, पंप आहे हा, लायब्ररी नाही."

हवेचं गणित मात्र मला लवकर कळलं. त्याचं श्रेय पुस्तकाला कमी आणि आमच्या घरच्या कूलरला जास्त. नागपुरात वाढलेल्या कुठल्याही मुलीला हे माहीत असतं. एप्रिल लागला की खिडकीबाहेर लोखंडी स्टँडवर कूलर बसतो, त्याला वाळ्याच्या नव्या ताट्या लागतात, टाकीत पाणी सोडलं जातं. आणि आई रोज ओरडते, "समोरची खिडकी चार बोटं उघडी ठेव!" ती बंद असली तर कूलर कितीही घरघरला तरी खोली गार होत नाही, नुसती दमट होते. आत येणाऱ्या हवेला बाहेर जायची वाट लागते. ती वाट जिथे असेल तिकडेच हवा धावते, आणि मधे जे असेल त्याच्या अंगावरून जाते. उस्तादांनी फळ्यावर घराचा नकाशा काढून बाण दाखवले, तेव्हा मला त्या बाणांच्या टोकाशी आमची समोरची खिडकी दिसली.

मे महिन्यातली दुपार होती. सक्करदऱ्याच्या बाजूच्या एका गल्लीतून आगीची वर्दी आली. आम्ही पोचलो तेव्हा दोन वाजून गेले असतील. घर बैठं, एकामागे एक तीन खोल्या असलेलं. पुढे हॉल, मधे झोपायची खोली, मागे साड्यांची खोली. या कुटुंबात पूर्वी हातमाग होता. आता मुलगा नोकरीला होता आणि सून घरातूनच साड्या विकायची. मागच्या खोलीत छतापर्यंत साड्यांचे गठ्ठे आणि प्लास्टिकच्या पिशव्या होत्या, आणि आग तिथेच लागली होती, बहुतेक स्विचबोर्डातून. त्या खोलीला एकच खिडकी, आणि तीही खोक्यांनी बुजलेली.

सून अंगणात उभी होती, अनवाणी, त्या तापलेल्या फरशीवर. तिनं उस्तादांचा हातच धरला. "बाबा आतमधी आहेत! मधातल्या खोलीत! कानातली मशीन काढून झोपते ते, त्याहीले ऐकूच नाही आलं!" ती एकदा आत जाऊन आली होती. धुरात दोन पावलंही टाकता आली नव्हती.

उस्तादांनी घराला चक्कर मारली, मेन स्विच पाडला आणि मुखवटा चढवता चढवता मला दाराशी नेलं. आत जाणारे दोघं, ते आणि आणखी एक फायरमन. ड्रायव्हर गाडीपाशी पंपावर. दार माझ्याकडे.

"हे दार म्हणजे हवेची तोटी आहे, मॅडम. पाइप जाईन इतकीच फट ठेवाची. पाइप सोडत राहाचा, आणि धुरावर नजर ठेवाची. मी आवाज देल्याशिवाय उघडाचं नाही. कोणी काही म्हणो."

मी मान हलवली.

"मान नको हलवू, बोल."

"हो, उस्ताद."

ते दोघं ओणवे होऊन आत गेले आणि मी दार ओढून घेतलं. डाव्या हातात कडी, उजव्या हातात पाइप, पाठ चौकटीला. पाइप हळूहळू आत सरकत होता. मधली खोली दारापासून वीस पावलंही नसेल, पण धुरात माणूस भिंतीला हात लावून सरपटतो, आणि वीस पावलांना फार वेळ लागतो.

फटीच्या वरच्या बाजूनं धूर येत होता. राखाडी, संथ. थोडा बाहेर यायचा, थबकायचा, थोडा आत जायचा. म्हणजे मागची खोली उपाशी होती. तशीच राहिली तर उस्तादांना वेळ मिळणार होता. मी स्वतःला हेच सांगत होते. पण हे सुनेला कसं सांगायचं? तिच्या लेखी मी दार लावून उभी असलेली एक मुलगी होते, आणि तिचे सासरे दाराच्या आत होते.

"उघड ना वं पुरं! धूर तरी निघून जाईन!" ती माझ्या दंडाला ओढत होती. "तू काहून उभी आहेस अशी? बाबा गुदमरून राहिले ना!"

मी म्हणाले, "ताई, उघडलं तर आग वाढेल." इतक्या हळू म्हणाले की मलाच ऐकू आलं नसेल.

"काय?"

मी नुसती मान हलवली. तिनं माझ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं, ती मी विसरलेले नाही.

त्यानंतर कूलर चालू झाला.

हे मी लिहिते आहे तितकं सरळ तेव्हा नव्हतं. मे महिन्यातल्या दुपारी नागपूरच्या कुठल्याही गल्लीत कूलरची घरघर असतेच. पन्नास घरांत पन्नास कूलर. तो आवाज आम्हाला ऐकू येत नाही, तो बंद पडला तर ऐकू येतो. त्यामुळे घराच्या बाजूच्या बोळातून घरघर सुरू झाली तेव्हा माझ्या कानांनी ती घेतली आणि तशीच सोडून दिली. मग मला वाटलं, ही फार जवळून येते आहे. मग वाटलं, या घरचा मेन तर उस्तादांनी पाडला आहे. मग मी मान लांब करून बोळात पाहिलं.

मधल्या खोलीच्या खिडकीला बाहेरून कूलर बसवलेला होता. मेन पाडल्यावर तो थांबला असणार. कंपाउंडच्या भिंतीवरून एक पिवळं एक्स्टेंशन आलं होतं आणि भिंतीपलीकडे शेजारचे काका बनियनवर उभे होते. मला ते लगेच कळलं, कारण आमच्याकडेही हेच करतात. एका घरची लाइट गेली की शेजारच्या घरातून वायर टाकून कूलर तेवढा चालू ठेवायचा. उन्हाळ्यात ते शेजारधर्मातच येतं, कोणी कोणाला विचारतही नाही. कूलरचा प्लगसुद्धा त्यासाठी खिडकीच्या गजाबाहेर लोंबता ठेवलेला असतो. काकांनी दर वर्षी करायचे तेच केलं होतं. आत म्हातारा माणूस, कूलर बंद पडलेला, म्हणून लाइन दिली.

आता ती हवा मधल्या खोलीत जोरात शिरत होती. साड्यांच्या खोलीचं दार जळून अर्धं उघडं झालेलं असणार. हवेला त्या खोलीत जाता येत होतं, पण तिथून बाहेर पडायला जागा नव्हती. पलीकडे वाट असती तर हाच पंखा कदाचित आमच्या कामीही आला असता. पण या घरातून बाहेर जायची वाट एकच होती, आणि ती माझ्या हातात होती. आत गेलेली हवा आगीला खाऊ घालून, आग घेऊन, उस्तादांच्या आणि त्या म्हाताऱ्याच्या डोक्यावरून माझ्या फटीकडे येणार होती.

मला हे सगळं माहीत होतं. एका क्षणात कळलं होतं. आणि मी गप्प होते.

किती वेळ? मी नंतर पुष्कळदा मोजून पाहिलं. पाच श्वास, कदाचित सहा. त्या वेळात माझ्या मनात काय होतं तेही आठवतं, आणि तेच सांगायची लाज वाटते. मला वाटलं, माझं चुकत असेल तर? ते वयानं मोठे आहेत, त्यांना काय म्हणायचं, कसं म्हणायचं? मी वाक्य जुळवत होते. आग लागलेल्या घराच्या दारात उभी राहून मी मनात मराठीचं एक नीट, सभ्य वाक्य जुळवत होते.

"काका, प्लीज तो कूलर बंद करता का?"

"काय म्हणते?" काकांनी हात कानाशी नेला.

"कूलर..."

"हो, चालू केला! काळजी नको करू पोरी, माह्या घरून लाइन देल्ली! हवा लागन म्हाताऱ्याले!"

मी धुराकडे पाहिलं. तो आता थबकत नव्हता. फटीच्या वरच्या अर्ध्या भागातून तो काळा, जाड होऊन, लोळत बाहेर येत होता, जसं कोणी मागून ढकलतंय. माझ्या पायांशी मात्र उलटं होतं. युनिफॉर्मच्या पँटच्या कडा आत ओढल्या जात होत्या, अंगणातला पालापाचोळा फटीतून आत चालला होता. कडी गरम लागायला लागली. मी दार आणखी ओढलं. बोळात धावत जाऊन तो प्लग उपटायचा, तर दार सोडावं लागणार होतं. दार सोडलं तर ते हवेच्या झोतानं सताड उघडणार होतं. ड्रायव्हर पंपाच्या आवाजात, माझ्याकडे पाठ करून.

मी फटीला तोंड लावून ओरडले, "उस्ताद, खाली! खाली राहा! हवा आली!" आवाज फाटला. मग मी सुनेचा हात धरला. इतका वेळ ती मला ओढत होती, आता मी तिला ओढलं. नीट वाक्य जुळवायला वेळच राहिला नव्हता.

"कूलरनं आग वाढते आहे. बाबांच्या अंगावर येईल. प्लग काढा! जा!"

तिनं एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा धुराकडे. ती का म्हणून विचारेल, याची मला भीती होती. तिनं विचारलं नाही. ती बोळात अशी पळाली की पदर खिळ्याला अडकून टरकला तरी थांबली नाही.

"भाऊजी, काढा ते! काढा म्हणते ना!"

"अवं वहिनी, हवा नको का त्याहीले..."

"आग लागो तुमच्या हवेले! माह्या सासऱ्याले भाजता का जित्तेपणी?"

काका भिंतीवरून काहीतरी समजावत होते. तिनं ऐकलं नाही. वायरच दोन्ही हातांनी ओढली, आणि काकांच्या घरातला प्लग उपसून भिंतीवरून बोळात येऊन आपटला. ओल्या बोळात, अनवाणी. तिला शॉक बसला असता तर तोही माझ्याच सांगण्यानं बसला असता. हे मला रात्री अंथरुणावर आठवलं, तिथे नाही.

घरघर थांबली. धूर लगेच थांबला नाही. तो तसाच काळा येत राहिला, आणि मला खात्री वाटायला लागली की उशीर झाला. पाइप माझ्या हातात निश्चल होता. पुढे नाही, मागे नाही. मग आतून पाण्याचा आवाज आला, छतावर मारलेल्या छोट्या छोट्या फवाऱ्यांचा, आणि पाइपला एक झटका बसला. धूर पांढरट व्हायला लागला.

"दार!" उस्तादांचा आवाज.

ते दोघं म्हाताऱ्याला चादरीवर ओढत बाहेर आले. सुनेनं "बाबा" म्हणून एकच हाक मारली. ते निपचित होते, ओठांभोवती काजळी, पण छाती हलत होती. अॅम्ब्युलन्स गल्लीच्या तोंडाशीच उभी होती. उस्तादांच्या दोन्ही कानांच्या पाळ्या भाजल्या होत्या आणि मानेवर पट्टा उठला होता. दुसरा फायरमन अंगणात बसून नुसता खोकत होता.

संध्याकाळी स्टेशनवर उस्ताद कानाला मलम लावून बसले होते. मी रिपोर्ट लिहायला घेतला होता. "कूलर सुरू झाल्याचे लक्षात येताच तत्काळ" इथपर्यंत आले आणि पेन थांबलं. मी त्यांना सांगितलं की तत्काळ नव्हतं. मला कळलं होतं, आणि मी थांबले होते.

त्यांनी मलमाची डबी बंद केली. मग म्हणाले, "पाठीले थंडी हवा लागली, मॅडम. मुखवटा सैल झाला होता, वाळ्याचा वास आला. एवढ्या भट्टीत मले वाटलं, वा, काय बरं वाटून राहिलं." ते हसले आणि हसताना कान दुखला म्हणून थांबले. "तीस वर्षं झाले मले नोकरीले. मीही एक-दोन श्वास ते खाल्लीच हवा. मग तुझा आवाज आला, तवा पोटावर पडलो."

हे ऐकून बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. त्यांचे एक-दोन श्वास आतले होते. माझे पाच-सहा बाहेरचे, मोकळ्या हवेतले.

"रिपोर्टात काय लिहू?"

"जे झालं ते. आणि ते मले नको सांगू. ज्याची छाती धुरानं भरली त्याले सांग."

म्हणून चौथ्या दिवशी मी हॉस्पिटलात गेले. तोपर्यंत रोज फोन करून विचारत होते आणि नाव न सांगता ठेवून देत होते. म्हाताऱ्यांना आयसीयूमधून जनरल वॉर्डात आणलं होतं. सून बाहेरच्या बाकावर मोसंबी सोलत बसली होती. तिनं मला युनिफॉर्मशिवाय लगेच ओळखलं नाही.

"तूच ना वं ती, दारावाली?"

मी हो म्हणाले. मोठ्यानं म्हणाले.

"बस. लय शिव्या देल्ल्या मी तुले त्या दिवशी. मनातल्या मनात." तिनं एक फोड माझ्यापुढे केली. "शेजारचे भाऊजी तर दोन दिवस जेवले नाही. रोज येऊन बाबाच्या पायाशी बसते. डॉक्टर म्हणते, धूर छातीत बसला, आवाज फिरून पहिलेसारखा होईन का सांगता येत नाही."

फोड माझ्या हातातच राहिली. मी तिला सांगितलं. कूलर सुरू झाल्यापासून ते मी तिचा हात धरेपर्यंत जे झालं ते सगळं. पाच श्वास, सहा असतील. मी काय विचार करत होते तेही. सांगताना माझी वाक्यं तुटत होती, काही शब्द इंग्रजी येत होते, आणि मी थांबले नाही.

तिचे हात सोलायचे थांबले. तिनं साल पदरात गोळा केली, सावकाश, एकेक तुकडा.

"मग तवाच सांगत काहून नाही तू?" तिनं विचारलं. आवाजात राग नव्हता. तिला खरंच समजून घ्यायचं होतं, आणि त्यामुळे ते जास्त कठीण झालं. मी लाजत होते, असं उत्तर एखाद्या माणसाच्या छातीपुढे कसं ठेवायचं? तरी मी तेच दिलं, कारण दुसरं नव्हतं.

तिनं वॉर्डाच्या दारातून आत पाहिलं. आत तिचे सासरे झोपले होते, नाकाशी नळी, छाती वर-खाली होत होती, मधेच अडखळत.

"बाबा उठतीन आता अर्ध्या घंट्यात," ती म्हणाली. "त्याहीले सांगून दे तू स्वतः. मशीन लावून देते मी कानात. पण जरा मोठ्यानं बोलजो, त्याहीले हळू ऐकू येत नाही."

मी बाकावर बसून राहिले, ते उठायची वाट पाहत.